आदेशातली शेवटची अट

पदोन्नतीचा आदेश आला की लोक यादीत आपलं नाव शोधतात आणि पेढे आणायला पळतात. शेवटच्या परिच्छेदापर्यंत फारसं कुणी पोचत नाही. तिथे साधारण असं लिहिलेलं असतं: सदर पदोन्नती निव्वळ तात्पुरत्या स्वरूपाची असून तिच्या आधारे सेवाज्येष्ठतेचा वा नियमित पदोन्नतीचा कोणताही हक्क सांगता येणार नाही.

पुढच्या पंधरा वर्षांचं कोर्ट या एका वाक्यात ठासून भरलेलं असतं, आणि ते भरणारं शासन असतं.

खरं तर निवडसूची दरवर्षी व्हायला हवी. ती होत नाही, कारण सेवाज्येष्ठता यादी अंतिम झालेली नसते. यादी अंतिम नसते, कारण हरकतींवर निर्णय झालेला नसतो. कुणाचे गोपनीय अहवाल अपुरे असतात, कुठे आरक्षणाची बिंदुनामावली तपासून आलेली नसते. मग विभागीय पदोन्नती समितीची बैठक पुढे जाते. काम मात्र पुढे ढकलता येत नाही. तालुक्याला नायब तहसीलदार लागतो, उपविभागाला उपअभियंता लागतो. म्हणून तदर्थ पदोन्नती. अकरा महिने, मग एक दिवसाचा खंड, मग पुन्हा अकरा महिने. किंवा त्याहून स्वस्त उपाय: अतिरिक्त कार्यभार. खुर्ची वरची, सही वरची, चौकशी झाली तर जबाबदारीही वरची. पद तेवढं खालचंच.

हा झगडा महाराष्ट्राला नवा नाही. या विषयावर देशभर दाखला दिला जातो तो आपल्याच उपअभियंत्यांच्या खटल्यांचा. 1977 साली पटवर्धन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने बजावलं की पदोन्नतीने आलेल्यांची ज्येष्ठता कायम केल्याच्या तारखेवर टांगून ठेवता येणार नाही, कारण कायम कधी करायचं हे सर्वस्वी सरकारच्या मर्जीवर असतं. 1990 साली थेट भरतीच्या वर्ग दोन अभियंत्यांच्या संघटनेचं प्रकरण घटनापीठापुढे गेलं. पाच न्यायमूर्तींनी दोन गोष्टी सांगितल्या. नेमणूक नियम सोडून, केवळ वेळ मारून नेण्यासाठी केलेली असेल, तर तो काळ ज्येष्ठतेत धरायचा नाही. पण सुरुवातीला प्रक्रिया पाळली नसली तरी माणूस पुढे नियमानुसार नियमित होईपर्यंत अखंड त्या पदावर राहिला असेल, तर तो काळ धरायचा.

आज मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, येणारी कितीतरी प्रकरणं या दोन वाक्यांच्या मधल्या जागेत अडकलेली असतात. चौदा वर्षं एका पदावर काम करून घेतलेल्या माणसाबद्दल शासन प्रतिज्ञापत्रात लिहितं की ती व्यवस्था तात्पुरती होती. चौदा वर्षांत एक बैठक घेता आली नाही, हे मात्र त्या प्रतिज्ञापत्रात नसतं. मला याचाच संताप येतो.

समोरचा थेट भरतीचा अधिकारी खलनायक नाही. तो लोकसेवा आयोगाची परीक्षा देऊन आला. त्याच्या कोट्यातल्या जागेवर तदर्थ माणूस बसवला गेला असेल, तर त्याचीही तक्रार रास्त आहे. दोघं एकाच कार्यालयात, एकाच मजल्यावर बसतात, एकाच गाडीने पाहणीला जातात आणि मॅटमध्ये एक अर्जदार, दुसरा प्रतिवादी. दोघांच्या वकिलांची फी दोघांच्या पगारातून जाते. शासनाच्या वकिलाची फी तिजोरीतून, म्हणजे पुन्हा आपल्याच खिशातून.

पदोन्नतीतल्या आरक्षणाने तात्पुरतेपणाची ही टांगती तलवार आणखी धारदार केली. पदोन्नतीत आरक्षण देणारा 25 मे 2004 चा शासन निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने 4 ऑगस्ट 2017 रोजी रद्द ठरवला, आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. 7 मे 2021 ला शासनाने पदोन्नतीच्या जागा सेवाज्येष्ठतेने भरण्याचा निर्णय काढला. त्यावर मागासवर्गीय कर्मचारी रस्त्यावर आले, आणि त्यांचा रोष समजण्यासारखा होता. या वादामुळे आदेशात आणखी एक ओळ असते: न्यायालयाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून. त्या ओळीखाली लोक पदोन्नत झाले, बदलून गेले, निवृत्तही झाले.

निवृत्तीनंतर निकाल लागला तर काय मिळतं? मानीव दिनांक. म्हणजे तुम्ही अमुक तारखेपासून वरच्या पदावर होतात, असं कागदावर मान्य. वेतन निश्चिती होते, पेन्शन थोडी वाढते. फरकाची रक्कम मागितली की उत्तर येतं: काम नाही, तर वेतन नाही. अहो, तो काम करायला तयार होता, तुम्ही डावललंत! जानकीरामन प्रकरणात 1991 सालीच सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं होतं की जो काम करायला राजी होता आणि ज्याला दोष नसताना दूर ठेवलं गेलं, त्याच्यावर हे सूत्र सरसकट लादता येत नाही. तरी उत्तराचा मसुदा जुनाच.

उलट पदावनती झाली, की अतिप्रदानाच्या, म्हणजे जादा दिलेल्या पगाराच्या, वसुलीची नोटीस तत्परतेने येते. रफिक मसीह प्रकरणात 2014 साली न्यायालयाने वर्ग तीन, वर्ग चार आणि निवृत्त कर्मचाऱ्यांकडून अशी वसुली करू नये असं सांगितलं. तरीही माणसाला ते संरक्षण पुन्हा मॅटमध्ये जाऊन मिळवावं लागतं.

माझी मागणी एवढीच आहे. आदेशात 'निव्वळ तात्पुरती' लिहायचं असेल, तर त्याच परिच्छेदात पदोन्नती समितीची पुढची बैठक कोणत्या तारखेला होणार ते लिहा, आणि ती घेण्याची जबाबदारी असलेल्या अधिकाऱ्याचं नाव व पदनाम द्या. बैठक चुकली, तर त्या दिवसापासून पुढची सेवा ज्येष्ठतेत धरा, आणि कोर्टाचा खर्च त्या अधिकाऱ्याच्या पगारातून कापा.