फक्त वरून खाली

वरच्या मजल्यावरच्या काकांनी चहाला बोलावलं की आमच्या घरी सगळे एकमेकांकडे बघतात. ते ऐकवतात ते गाणं 2 मिनिटं 12 सेकंदांचं. खाली यायला मात्र दिवेलागण होते.

गाणं ठरलेलं. न्यूयॉर्कच्या रमोन्स बँडचं ‘ब्लिट्झक्रीग बॉप’, साल 1976. आपल्याला गोंगाट ऐकू येतो, काकांना ‘जागा’. मैफलीत पहिल्या रांगेत बसावं तसे ते मांडी घालून बसतात आणि विसाव्या सेकंदाला बोट वर! “थांबले! गिटार गेली, बेस गेला. उरला एकटा ड्रम. आता हळूहळू कसे परत येतात बघ.” ते परत येण्याच्या आत काकांनी गाणं मागे नेलेलं असतं.

मग हेडफोनचा विधी. डाव्या कानात बेस, उजव्यात गिटार. “नवरा-बायकोला वेगळ्या खोल्या दिल्यात, ड्रम आणि गाणारा मधे दिवाणखान्यात!” अख्ख्या अल्बमचीच अशी वाटणी आहे म्हणे: 14 गाणी, 29 मिनिटं. “तुमचा विलंबित ख्याल रंगात येईपर्यंत हे लोक घरी जाऊन जेवले असते.”

सगळ्यात हळवा विषय म्हणजे गिटारवाल्या जॉनी रमोनचा उजवा हात. प्रत्येक आघात वरून खाली. वर जाताना तारेला शिवायचं नाही. काका चहाचा चमचा घेऊन स्टीलच्या ट्रेवर हे करून दाखवतात. पंधराव्या सेकंदाला त्यांचं मनगट गळतं, चमचा पलंगाखाली जातो, माझ्या चहावर साय धरते. “आणि हा माणूस वीस वर्षं हेच करत होता!” मनगटाला बाम चोळत काका म्हणतात. त्या क्षणी ते मला खरोखर आवडतात.

“यात गिटारचा सोलो कुठाय?” असं मी एकदा विचारून बसलो.

“नाहीच! काय गाळलं ते ऐकायला शीक. तीच तर अरेंजमेंट!”

“काल भाजीत मीठ गाळलं होतं,” आतून काकू म्हणाल्या, “तेव्हा नाही आवडली अरेंजमेंट.”

परवा हेडफोनची डावी बाजू बंद पडली. सुटलो, असं म्हणत मी चपला शोधू लागलो.

“अरे बस बस,” काका उजळलेल्या चेहऱ्यानं म्हणाले, “उजवी चालू आहे ना? आज बेस गाळून ऐकू.”

काकूंनी दुसऱ्यांदा आधण ठेवलं.