कॉन्फिग-मीमांसा

शास्त्रग्रंथाच्या आरंभीच चार गोष्टी सांगून टाकायच्या असतात: विषय कोणता, अधिकारी कोण, प्रयोजन काय आणि या सगळ्यांचा एकमेकांशी संबंध काय. हा दंडक निदान कुंभकोणममध्ये तरी मोडता येत नाही. नायक राजांचे मंत्री गोविंद दीक्षित यांच्या नावाशी जोडलेली वेदपाठशाळा या गावात आहे, कांची कामकोटी मठाचं ठाणं दीर्घकाळ इथेच होतं, आणि पूर्वपक्ष न मांडता थेट सिद्धांत ठोकणाऱ्या माणसाला इथे डिग्री कॉफीसुद्धा अर्धा टंबलरच मिळत असावी.

तर विषय: संगणकावरच्या खेळाची कॉन्फिगरेशन फाइल, ती असते कुठे आणि सापडल्यावर तिचं काय करायचं. अधिकारी: ज्याला नोटपॅड उघडता येतं असा कोणीही. वर्ड उघडणारा अधिकारी नाही, त्याचं कारण पुढे येईल. संबंध: भाचा. माझी बहीण लग्न होऊन इथल्या तंजावरी मराठी घरात आली, त्यामुळे या शास्त्राचा अभ्यास मला घरबसल्या करता आला.

प्रयोजनाला मात्र थोडा विस्तार हवा. तमिळनाडू सरकारने २०११ साली बारावीच्या आणि कॉलेजच्या विद्यार्थ्यांना फुकट लॅपटॉप वाटायला सुरुवात केली. लोक त्याला ‘अम्मा लॅपटॉप’ म्हणत. त्याच वर्षी ११ नोव्हेंबरला ‘स्कायरिम’ हा खेळ बाजारात आला. एका बाजूला अभ्यासासाठी दिलेलं, वेगळं ग्राफिक्स कार्ड नसलेलं सरकारी यंत्र. दुसऱ्या बाजूला बर्फाचे डोंगर, उडते ड्रॅगन आणि प्रत्येक गवताच्या काडीची सावली. नाकापेक्षा मोती जड. खेळाच्या मेन्यूत जाऊन सगळं ‘लो’वर ओढलं तरी पडद्यावरचा वीर एक पाऊल टाकायचा आणि दुसरं टाकावं की नाही याचा विचार करत उभा राहायचा. मेन्यूच्या ‘लो’च्या खाली आणखी एक तळघर आहे, तिथे सावल्या पार पुसून टाकता येतात, चित्र पूर्वीच्या टीव्हीइतकं लहान करता येतं, आणि त्या तळघराची किल्ली म्हणजे ही फाइल. श्रीमंताघरच्या मुलाला या शास्त्राची गरजच पडत नाही, त्यामुळे त्याला ते येतही नाही.

आता फाइल कुठे आहे हे ठरवायला प्रमाण कोणतं? भाट्ट मीमांसक आणि अद्वैती सहा प्रमाणं मानतात. सहाही इथे लागू पडतात, काही नीट आणि काही उलटी.

प्रत्यक्ष हे पहिल्या पायरीवरच घसरतं. विंडोज ९५पासून ओळखीच्या फाइलींच्या नावाचं शेपूट पडद्यावर न दाखवण्याची रीत आहे. भाचा नोटपॅडमध्ये ‘ऑटोएक्झेक.सीएफजी’ नावाची फाइल लिहितो, यादीतही तेच नाव झळकतं, खेळ मात्र तिच्याकडे ढुंकून पाहत नाही. कारण तिचं खरं नाव ‘ऑटोएक्झेक.सीएफजी.टीएक्सटी’ असं असतं. ‘टीएक्सटी’ नोटपॅडने जोडलं आणि विंडोजने झाकलं. दोरीवर साप दिसावा तसा टीएक्सटीवर सीएफजी दिसतो. वेदान्ती इतकी शतकं तो एक साप घेऊन बसले आहेत, त्यांना दुसरं उदाहरण हवं असेल तर हे घ्यावं.

अनुपलब्धी म्हणजे न दिसण्यावरून नसल्याचं ज्ञान. जमिनीवर घडा दिसत नाही, म्हणून घडा नाही. मी दोन-तीन फोल्डर उघडून पाहिले आणि फाइल नाही असा निर्णय दिला. भाचा म्हणाला, “मामा, आधी हिडन फाइल्सवर टिक करा, मग नाही म्हणा.” पोराने मीमांसेचं पान उघडलेलं नाही, पण हीच अट जुन्या पंडितांनी घातली आहे. असती तर दिसलीच असती अशी वस्तू दिसली नाही, तरच तिचा अभाव सिद्ध होतो. याला योग्यानुपलब्धी म्हणतात. ‘ॲपडेटा’ हा फोल्डर विंडोजने जन्मतःच झाकून ठेवलेला असल्यामुळे तो या पात्रतेत बसत नाही, आणि नवे खेळ नेमके त्याच्याच पोटात, ‘लोकल’ किंवा ‘रोमिंग’च्या आत आपलं बिऱ्हाड थाटतात.

शब्दप्रमाण म्हणजे आप्तवाक्य. इथे आप्त म्हणजे ज्याच्या मशीनवर ते चाललं तो. त्याचं वचन खोटं नसतं, फक्त दुसऱ्या युगातलं असतं. एक्सपीच्या युगात घराचा रस्ता ‘डॉक्युमेंट्स अँड सेटिंग्ज’वरून जायचा, व्हिस्टापासून तो ‘युजर्स’वरून जातो. एक्सपीवाल्याने छातीठोकपणे सांगितलेला पत्ता विंडोज ७वर घेऊन फिरणं म्हणजे पुण्यातल्या नव्या वस्तीत जुनी नावं विचारत हिंडणं. उपमान जरा बरं: गायीसारखा गवा, तसा ‘ऑब्लिव्हियन’सारखा ‘फॉलआउट ३’ आणि त्याच्यासारखा ‘स्कायरिम’. एकाच घराण्याचे हे खेळ ‘डॉक्युमेंट्स’मधल्या ‘माय गेम्स’ फोल्डरमध्येच राहतात, एकाची वाट कळली की बाकीच्यांची कळते.

अनुमान जाणकारांचं खास आवडतं. धूर दिसला की आग. खेळ चालू करायचा, मेन्यूत आवाज किंचित कमी करायचा, नीट बाहेर पडायचं आणि लगेच संबंध डिस्कवरच्या फाइली ‘शेवटचा बदल’ या क्रमाने लावायच्या. गेल्या मिनिटात जिची वेळ बदलली ती आपली फाइल. फार सुंदर युक्ती आहे; फक्त त्याच मिनिटात अँटिव्हायरसनेही शंभर ठिकाणी धूर केलेला असतो.

पण या शास्त्राचा राजा म्हणजे अर्थापत्ती. तिचं पारंपरिक उदाहरण सगळ्यांना ठाऊक आहे: देवदत्त लठ्ठ आहे, पण दिवसा जेवत नाही, अर्थात तो रात्री जेवतो. देवदत्ताच्या जागी ‘जीटीए व्हाइस सिटी’ ठेवा. हा खेळ २००३ साली पीसीवर आला आणि सरकारी लॅपटॉपलाही झेपायचा. खेळ बंद करून पुन्हा उघडला तरी आवाज, बटणं, पडद्याचा आकार सगळं लक्षात ठेवतो. खेळाच्या स्वतःच्या फोल्डरात मात्र त्याची नोंद कुठेच नाही. लठ्ठ आहे, पण दिवसा जेवत नाही! अर्थात तो दुसरीकडे जेवतो. शोध घेतल्यावर कळतं की ‘माय डॉक्युमेंट्स’मध्ये ‘जीटीए व्हाइस सिटी युजर फाइल्स’ नावाचं एक घर आहे आणि तिथे ‘जीटीए_व्हीसी.एसईटी’ नावाची चिमुकली फाइल बसलेली आहे. ती नोटपॅडमध्ये वाचता येत नाही, उघडली तर अगम्य चिन्हं दिसतात. तिच्यावर एकच संस्कार करता येतो, तो म्हणजे डिलीट. पडद्याचा आकार चुकीचा निवडून खेळ उघडेनासा झाला की जाणते हाच उपाय सांगतात, आणि खेळ पुढच्या वेळी कोऱ्या मनाने नवी फाइल लिहून घेतो.

अर्थापत्तीची खरी परीक्षा व्हिस्टाने घेतली. ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये कोणीही ऊठसूट लिहू नये म्हणून मायक्रोसॉफ्टने अशी व्यवस्था केली की जुना खेळ तिथे लिहायला गेला की त्याला नकळत दुसरीकडे वळवायचं, ते ठिकाण म्हणजे ‘ॲपडेटा’मधल्या ‘लोकल’च्या आतलं ‘व्हर्च्युअलस्टोअर’. खेळाला वाटतं आपण घरीच लिहिलं. आता फाइली दोन, नाव एक. भाचा ‘प्रोग्रॅम फाइल्स’मधली मूळ फाइल उघडतो, आकडा बदलतो, सेव्ह करतो, खेळ उघडतो, काही फरक नाही. पुन्हा उघडून पाहतो तर आकडा बदललेलाच आहे. कारण वाचताना खेळ व्हर्च्युअलस्टोअरमधली प्रत आधी पाहतो. फाइल समोर, आकडा बरोबर, फळ शून्य. काखेत कळसा नि गावाला वळसा ही म्हण कुंभाच्या गावात सांगायला हरकत नाही, फक्त इथे कळसे दोन आणि पाणी नेमकं दुसऱ्यात.

फाइल सापडली. आता संपादन.

‘स्कायरिम’ची आयएनआय फाइल उघडली की एकाखाली एक ओळी दिसतात: नाव, बरोबरचं चिन्ह, आकडा. स्पष्टीकरण नाही, सिद्धता नाही. सारंगपाणी सन्निधी रस्त्यावरच्या घरात राहणाऱ्या रामानुजन यांच्या हाती शाळकरी वयात कार यांचा गणिती ‘सिनॉप्सिस’ पडला, त्यात हजारो प्रमेयं होती आणि सिद्धता जवळपास नव्हत्याच. त्या मुलाने उरलेलं स्वतः भरून काढलं. आमच्या मुलांपुढेही तोच प्रसंग आहे, फक्त ती सिद्धता द्यायच्या ऐवजी आकडा बदलून काय मोडतं ते पाहतात. थोडी मदत अक्षरांची होते. नावाच्या सुरुवातीचं ‘आय’ म्हणजे पूर्णांक, ‘एफ’ म्हणजे दशांश, ‘बी’ म्हणजे एक किंवा शून्य. ‘बी’च्या ओळीत पाच लिहिणं हा गोत्रभंग आहे.

सावल्यांच्या नकाशाचा आकडा खाली आणला की वीर चालू लागतो. इथवर ठीक. मग मोह होतो. ‘आय प्रेझेंट इंटरव्हल’ या नावाची एक ओळ आहे, तिथे एकाचं शून्य केलं की खेळाच्या वेगावरचा पडद्याचा लगाम सुटतो. या खेळातलं पदार्थविज्ञान सेकंदाला साठ चित्रं गृहीत धरून रचलेलं आहे. दणकट यंत्रावर लगाम सुटला की वीर घराचं दार उघडतो आणि आतल्या वाडग्या, थाळ्या आणि चीजचे तुकडे आपापली जागा सोडून छताकडे जातात. सरकारी लॅपटॉपवर हा धोका नाही. त्याला साठ चित्रं कधी जमलीच नाहीत. गरिबीचा हा एक फायदा ग्रंथांत नोंदवलेला दिसत नाही.

वर्डचा अधिकार का काढून घेतला तेही सांगतो. ‘काउंटर-स्ट्राइक’च्या फाइलीत प्रत्येक बटणाचं नाव सरळ उभ्या अवतरणचिन्हांत लिहायचं असतं. वर्ड ती चिन्हं सुबक वाकडी करतो. माणसाला सुंदर दिसतं, खेळाला काही कळत नाही आणि वीर दाराशी थिजून उभा राहतो. त्याच फाइलीत मराठीत टीप लिहून नोटपॅडने ‘आन्सी’ म्हणून सेव्ह केली, तर पुढच्या वेळी टीपेच्या जागी प्रश्नचिन्हांची रांग दिसते. इथून चाळीसेक किलोमीटरवर तंजावरच्या बृहदीश्वराच्या भिंतीवर सरफोजीराजांनी १८०३ साली भोसले घराण्याचा इतिहास मराठीत कोरून ठेवला, तो आजही अक्षर न् अक्षर वाचता येतो. राजांनी फाइल रीड-ओन्ली केली होती.

रीड-ओन्लीवरून या शास्त्रात दोन संप्रदाय पडले आहेत. ‘काउंटर-स्ट्राइक’च्या कॉन्फिग फाइलीच्या डोक्यावरच सूचना आहे की खेळातून काही बदललं की ही फाइल पुन्हा लिहिली जाते, तुमची भर ‘युजरकॉन्फिग’ नावाच्या वेगळ्या फाइलीत घाला. सूचना वाचण्याची आपल्याकडे प्रथा नाही. म्हणून पहिला संप्रदाय मूळ फाइलीतच लिहितो आणि तिच्यावर रीड-ओन्लीचं कुलूप घालतो. दुसरा म्हणतो, कुलूप घातल्यावर मेन्यूतून केलेला बदलही टिकत नाही, रोज उठून तेच करा. २०१२च्या उन्हाळ्यात चेन्नईबाहेरच्या तमिळनाडूत तासन् तास वीज जायची, आणि हा खेळ फाइल लिहितो बाहेर पडताना. ब्राउझिंग सेंटरमध्ये वीज गेली की मेन्यूत केलेलं सगळं वाया, नोटपॅडने आधी सेव्ह केलेलं तेवढं टिकायचं. कुंभकोणममध्ये पहिल्या संप्रदायाचा जोर वाढला तो त्या उन्हाळ्यात, असं भाचा सांगतो आणि मला ते पटतं.

कुंभकोणमलाच १८२८ साली जन्मलेले मराठी गृहस्थ राजा सर टी. माधवराव बडोद्याचे दिवाण असताना त्यांनी तरुण सयाजीरावांना राज्यकारभारावर व्याख्यानं दिली. ती १८८१ साली ‘मायनर हिंट्स’ नावाने छापली गेली. आमच्या शास्त्राच्या पाठ्यपुस्तकाला याहून समर्पक नाव मिळणार नाही, पण ते आधीच घेतलेलं आहे.

आणखी एक वाद मेघांचा, म्हणजे क्लाउडचा, आहे. २००८पासून स्टीम हे खेळांचं ऑनलाइन दुकान काही खेळांची बटणांची मांडणी आपल्या दूरच्या साठ्यातही ठेवतं. ‘लेफ्ट ४ डेड’ हा त्यातल्या पहिल्या मानकऱ्यांपैकी. इथली प्रत आणि तिथली प्रत जुळली नाही की चौकट उघडते: कोणती ठेवू? श्रुती आणि स्मृतीत विरोध आला तर श्रुती बलवान, हा नियम पक्का. पण इथली श्रुती की वरची, यावर मीमांसेचे सूत्रकार जैमिनी गप्प आहेत. मी भाच्याला म्हटलं, जरा थांब, यावर विचार करावा लागेल. त्याने तारीख पाहिली, वरची नवी होती, ती ठेवली. ती ब्राउझिंग सेंटरमध्ये दुसऱ्याच मुलाने याच्या खात्यावरून केलेली मांडणी होती. भिंतीआड लपायला म्हणून भाच्याने बटण दाबलं आणि त्याचा वीर भिंतीवर चढून चौदिशांना दर्शन देत उभा राहिला.

“अय्यो मामा,” भाचा म्हणाला, “बोला ना आता, विचार झाला का?”