मुदतीतले आबा

सांगलीकडे पाऊस, ऊस आणि थकलेलं बिल या विषयांवर कोणीही बोलतं. थकलेल्या बिलावर कलमासकट बोलावं ते आमच्या आबांनीच. आबा बांधकाम खात्याचे नोंदणीकृत कंत्राटदार. रस्ता आणि दोन मोऱ्या त्यांनी वेळेत पुऱ्या केल्या. एमबी, म्हणजे मोजमाप वही, लिहून झाली, तपासून झाली, फायनल बिल डिव्हिजनला गेलं आणि तिथे ‘निधी नाही’ या चार अक्षरांना अडखळून आडवं झालं. रस्त्याला खड्डे पडले, ते मात्र दोषदायित्वाच्या काळात पडले म्हणून आबांनी पदरच्या डांबराने बुजवले.

“आबा, कोर्टात का जात नाही?” असं त्यांना विचारू नये. विचारलंच तर दोन चहा सांगून ठेवावेत.

“दिवाणी दावा लावायचा, तर आधी कलम ८० ची नोटीस आणि दोन महिने गप्प बसायचं,” आबा पहिलं बोट मुडपतात. “रिट करावं तर सरकारी वकील म्हणणार, हा कराराचा वाद, दिवाणीत जा. खात्यानं येणं कबूल केलं असेल तर हायकोर्ट ऐकतं, नाही असं नाही. आता तर २०२५ पासून कोल्हापूरलाच सर्किट बेंच आहे, मुंबईचं भाडं वाचलं! लवाद म्हणाल, तर आमच्या करारात ते कलमच नाही. राहिला लघुउद्योगांचा २००६ चा कायदा. पंचेचाळीस दिवसांत पैसे द्या, नाहीतर बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही चक्रवाढ!” इथे आबांचा आवाज गाभाऱ्यात शिरल्यासारखा हळू होतो. “पण बांधकामाच्या ठेक्याला तो लागू नाही, असं मुंबई हायकोर्टानंच सांगितलंय.”

“आणि दावा जिंकलात तर?”

“हुकूमनाम्यानंतरही सरकारला तीन महिने सवलत. मग जप्ती! बेलिफ येणार, कार्यकारी अभियंत्यांची खुर्ची उचलणार.” आबा क्षणभर खुलतात, मग एकदम पडतात. “पण मग साहेब माझ्या पुढच्या वर्क ऑर्डरवर सही करायला बसणार कशावर?”

आबांची खरी साधना आहे ती मुदतीची. काम झाल्यापासून तीन वर्षांत दावा लावला नाही, तर येणं बुडालं. मात्र ती मुदत संपायच्या आत देणेकऱ्याने सहीनिशी येणं कबूल केलं, की तिथून नवी तीन वर्षं. ‘आपले देयक निधी उपलब्ध होताच अदा करण्यात येईल’ हे पत्र आलं की इतर कंत्राटदार ते चुरगळून खात्याचा उद्धार करतात. आबा ते लॅमिनेट करतात. अशी पत्रं मिळवण्यासाठी ते दर दिवाळीला पेढे घेऊन डिव्हिजनला जातात, पैशाचं अवाक्षर काढत नाहीत, फक्त “दोन ओळी लेखी द्या, घरच्यांना दाखवायला” म्हणतात. साहेबालाही बरं वाटतं. एवढ्या स्वस्तात कोणी जात नाही.

पुढे बदलीवर आलेले साहेब एलएलबी निघाले. त्यांनी पेढा घेतला आणि सगळं तोंडी सांगितलं. आबांनी दहा रुपयांचं तिकीट लावून माहिती अधिकारात अर्ज टाकला. महिन्याच्या आत उत्तर आलं, सहीशिक्क्यासह: ‘सदर देयक प्रलंबित आहे.’

आबा ते उत्तर घेऊन आपल्या वकिलांकडे गेले. वकिलांनी कागद उजेडात धरला. “माहिती अधिकाऱ्याची सही म्हणजे खात्याची कबुली, हे कोर्टात भांडून ठरवावं लागेल, आबा. जुन्या पत्राची मुदत अजून आहे. आत्ताच नोटीस देऊ.”

“देऊ की. पण तेवढं ‘आपला नम्र’ घाला खाली.”

“कलम ८० च्या नोटिशीत?”

“बरं, मग पुढच्या महिन्यात बघू. मुदत आहे म्हणताय ना?” म्हणत आबा उठले. त्याच डिव्हिजनचं नवं टेंडर निघालं होतं. संध्याकाळी पाचच्या आत ते अंदाजपत्रकापेक्षा अठरा टक्के बिलो भरायचं होतं.