गेम घेणाऱ्याचाच गेम

खडवलीत राहणाऱ्या माणसाने हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम का घ्यावा, याचं सबळ कारण एकच: कसारा लोकल. सीएसएमटीपासून सत्तरएक किलोमीटर, जाऊन-येऊन दिवसाचे साडेतीन-चार तास, आणि एक गाडी चुकली की पुढची येईपर्यंत फलाटावर उभं राहून आयुष्याचा ताळेबंद मांडण्याइतकी सवड. एवढ्या वेळात माणूस पत्ते कुटतो, भजनी मंडळात टाळ धरतो, नाहीतर कानात बोळे कोंबून झोपतो. आमच्या भाच्याने चौथी वाट धरली. पहिल्या बोनसमध्ये त्याने कन्सोल घेतला. आता खेळत-खेळत कामाला जाईन, खेळत-खेळत घरी येईन, असं त्याने जाहीर केलं. घरच्यांनी पेढे वाटायचेच बाकी ठेवले होते.

तेव्हापासून तो कन्सोल रोज प्रवास करतो. खेळतो क्वचित.

गाडी खडवली सोडते, खिडकीबाहेर भाताची खाचरं पळू लागतात, भाचा गुडघे जुळवून, कोपरं अंगाशी घेऊन कन्सोल चालू करतो, आणि पडद्यावर पाटी येते की नवीन अपडेट उपलब्ध आहे.

“मामा, तुझा हॉटस्पॉट दे ना जरा.”

“काल दिला होता की!”

“काल कन्सोलचा अपडेट होता. आज गेमचा आहे.”

“आणि ते कोपऱ्यात गोल गोल फिरतंय ते?”

“ते कंट्रोलरचं. ते छोटं आहे.”

टिटवाळा येतं, आंबिवली येतं, शहाड येतं. कल्याणला दारातली मंडळी आत लोटली जातात आणि कन्सोल धरायला मुळी हातच उरत नाहीत. पट्टी तोवर 11 टक्क्यांवर पोचलेली असते. कल्याण-कसारा तिसऱ्या मार्गिकेचं काम वर्षानुवर्षं बघत आलेल्या प्रवाशाला ‘काम प्रगतिपथावर’ ही भाषा नवी नाही, म्हणून भाचा हे शांतपणे सहन करतो. दुसऱ्या कुठल्या लायनीवरचा मुलगा असता तर त्याने कन्सोल खिडकीतून फेकला असता.

आता जरा हिशेब करू. रोजचे दीड जीबी, मुदत 28 दिवस, हा रिचार्ज खडवलीतल्या शेंबड्या पोरालाही पाठ आहे. दीड गुणिले अठ्ठावीस म्हणजे बरोबर 42. मोठा गेम 42 जीबीचा असणं ही आजकाल बातमी नव्हे. शंभरी ओलांडलेलेही पुष्कळ आहेत. तेव्हा माणसाने रील सोडल्या, व्हॉट्सअ‍ॅप सोडलं, चहावाल्याला यूपीआयने पैसे देणं सोडलं आणि महिनाभर केवळ या एका कार्याला वाहून घेतलं, तर अठ्ठाविसाव्या रात्री गेम पुरा उतरतो. एकोणतिसाव्या सकाळी रिचार्ज संपलेला असतो आणि गेमचा नवा अपडेट आलेला असतो.

घरी वायफाय घ्या की, असं डोंबिवलीतले नातेवाईक सुचवतात. घेतलंय. पण पावसाळ्यात भातसा फुगली, नदीवर जाऊ नका असे मनाई आदेश निघाले आणि ते झुगारून सहलीवाले खडवली स्टेशनात उतरू लागले, की त्याच मुहूर्तावर आमच्याकडची वीज विश्रांती घेते. कन्सोलला बॅटरी आहे, राउटरला नाही. अपडेट 83 टक्क्यांवर थांबतो आणि घरातले सगळे त्या 83कडे बघत डास मारतात.

आमच्या पिढीला हे दुखणंच नव्हतं. जत्रेत मिळणाऱ्या ‘9999 इन 1’ विटांच्या गेममध्ये 9999 गेम नव्हते, हे पोराटोरांनाही कळायचं, पण जे होते ते पेन्सिल सेल टाकल्याबरोबर सुरू व्हायचे. टीव्हीला जोडायच्या गेमची कॅसेट अडली तर तिच्यात फुंकर मारायची; सगळी देखभाल तेवढीच. निन्टेन्डोने 1989 साली गेम बॉय आणला आणि त्याच्यासोबत टेट्रिस दिला, तेव्हा कॅसेटच्या चिपमध्ये जे कोरलं ते कायमचं. चूक राहिली तर ती जगभरच्या मुलांच्या हातात तशीच जाणार, हे कारखान्याला ठाऊक होतं. म्हणून कारखाना आधी तपासायचा आणि मग विकायचा.

मग घराघरांत इंटरनेट आलं आणि कारखान्याला उमगलं की हा क्रम उलटाही करता येतो. 2020च्या डिसेंबरात सायबरपंक 2077 हा वर्षानुवर्षं गाजावाजा झालेला गेम बाजारात आला, तो जुन्या कन्सोलवर इतका अडखळत होता की सोनीने आठवड्याभरातच तो आपल्या ऑनलाइन दुकानातून काढून टाकला आणि लोकांना पैसे परत देऊ केले. पुढे दुरुस्त्यांवर दुरुस्त्या झाल्या. जून 2025मध्ये निन्टेन्डोचा स्विच 2 निघाला, तेव्हा हाच गेम 64 जीबीच्या कार्डावर अख्खा बसवून मिळाला. म्हणजे साडेचार वर्षांनी का होईना, माल तयार झाला! मधल्या काळात तो तपासून देण्याचं काम गिऱ्हाइकांनी केलं, तेही पदरचे पैसे भरून. आपल्याकडे उमेदवारी करणाऱ्या पोराला निदान विद्यावेतन तरी मिळतं.

त्याच स्विच 2ला आणखी एक रत्न आहे, गेम-की कार्ड. दुकानात डबी मिळते, डबीत कार्ड मिळतं, कार्डात गेम नसतो. असते फक्त किल्ली. ती लावली की गेम इंटरनेटवरून उतरवायचा, आणि एकदा उतरला तरी खेळताना कार्ड आत घातलेलंच हवं. कार्ड हरवलं तर गेम गेला आणि नेट नसेल तर गेम आलाच नाही, असा दोन्हीकडून बंदोबस्त. निन्टेन्डोच्या कार्डांना मुलांनी गिळू नयेत म्हणून मुद्दाम कडूजहर लेप दिलेला असतो. ही काळजी स्तुत्यच, पण किल्लीचं कार्ड घेणाऱ्याला ते जिभेला लावायची गरज पडत नाही.

बरं, उतरवलं म्हणजे झालं असंही नाही. कन्सोल म्हणतो, अपडेट फक्त 300 एमबीचा आहे. आपण हुरळतो. तेवढं पाच मिनिटांत उतरतंही. मग तो ‘पॅचिंग’ नावाच्या समाधीत जातो आणि अर्धा तास डोळे उघडत नाही. याचं कारण असं की गेममधली चित्रं, आवाज, नकाशे मोठमोठ्या गठ्ठ्यांत बांधलेले असतात. एका पात्राच्या मिशीचा रंग बदलायचा तरी अख्खा गठ्ठा सोडून पुन्हा लिहावा लागतो. त्यासाठी तेवढीच मोकळी जागा लागते, आणि गेम मेमरी कार्डावर असेल तर लिहिण्याचा वेग बैलगाडीचा. मग ‘जागा अपुरी आहे’ अशी सूचना येते. पहिल्या स्विचमध्ये एकूण जागाच 32 जीबी होती. एक गेम अद्ययावत करायला दुसरा उडवायचा, आणि दुसरा परत आणायचा तर पुन्हा त्याचे अपडेट. आमचा भाचा रविवारी दुपारभर हेच करतो. त्याची आई शेजारणीला कौतुकाने सांगते, काही म्हणा, पोरगा घरात बसून असतो.

एवढा घाम गाळल्यावर मिळालं काय, हे बघावं म्हणून माहिती उघडावी तर निन्टेन्डो वर्षानुवर्षं एकच वाक्य लिहीत आली आहे: प्रणालीच्या स्थैर्यात सर्वसाधारण सुधारणा. मंत्रालयातल्या ‘योग्य ती कार्यवाही करण्यात येत आहे’नंतर इतकं निर्दोष वाक्य आमच्या पाहण्यात नाही. त्यात खोटं काही नाही आणि खरंही काही सापडत नाही.

महाराष्ट्र यात फक्त सोसणारा आहे असं मात्र समजू नका. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सने ‘राजी’ हा भारतीय पुराणकथांवरचा देखणा गेम केला आणि ऑगस्ट 2020मध्ये तो सर्वांत आधी आला तो निन्टेन्डो स्विचवर. अभिमानाने छाती फुगवायची तेवढ्यात लक्षात येतं की स्विच भारतात कंपनीने अधिकृतपणे विकलेलाच नाही. पुण्यात शिजलेलं पक्वान्न पहिल्यांदा वाढलं गेलं ते पुण्यात ज्याचं ताटच मिळत नाही अशा पंगतीत. ज्यांना ताट हवं होतं ते मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर गेले, बाहेरून आलेला माल घेतला आणि ‘दुकानाची वॉरंटी’ या शब्दावर श्रद्धा ठेवून घरी आले. निन्टेन्डोचं ऑनलाइन दुकानही भारतासाठी उघडलेलं नाही, तेव्हा मंडळी खात्यावर दुसरा देश लावतात. देहाने खडवलीत, खात्याने अमेरिकेत. अपडेट मात्र कुठल्याही देशाचा पासपोर्ट न विचारता येतो. त्याच्याइतका उदारमतवादी जगात कोणी नाही.

आता न्यायाचं बोलायचं तर सगळेच अपडेट लुबाडणारे नसतात. ‘नो मॅन्स स्काय’ 2016 साली आला तेव्हा लोकांनी त्याच्या नावाने बोटं मोडली. करणाऱ्यांनी नंतर वर्षानुवर्षं फुकट भर घालत तो सावरला. ‘स्टारड्यू व्हॅली’ हा शेतीचा गेम तर एरिक बॅरोन नावाच्या एकट्या माणसाने केला आणि त्याचे मोठे अपडेट त्याने पैसे न घेता दिले. त्यातला 1.6 संगणकावर मार्च 2024मध्ये आला, कन्सोलवर नोव्हेंबरात. भाच्याने त्या आठ महिन्यांत आपली पडद्यावरची शेती तशीच ठेवली, नवीन बियाणं येणार म्हणून. खिडकीबाहेर खडवलीच्या खऱ्या खाचरांत तोवर पेरणी झाली, लावणी झाली, कापणीही उरकली. एकाही शेतकऱ्याने ‘1.6 आल्याशिवाय नांगर धरणार नाही’ असं म्हटल्याचं ऐकिवात नाही.

अपडेट येतोय म्हणून वैतागणाऱ्याने तो यायचा बंद होईल त्या दिवसाचाही विचार करावा. पीएसपी या आपल्या हातातल्या जुन्या कन्सोलवर थेट गेम विकत घ्यायची सोय सोनीने जुलै 2021मध्ये बंद केली. निन्टेन्डोने 3डीएस या आपल्या जुन्या कन्सोलचं ऑनलाइन दुकान 27 मार्च 2023ला मिटलं, पुढच्या वर्षीच्या एप्रिलात त्याचे ऑनलाइन खेळही थांबवले. घरात पडलेला गेम बॉय सेल घातल्यावर आजही टेट्रिस दाखवील. आजच्या किल्लीच्या कार्डाचं, त्याचं दुकान मिटल्यावर काय होणार, हे त्या दुकानदाराच्या मर्जीवर आहे.

या सगळ्यात एकच सोय खडवलीला मानवणारी आहे, आणि तिची जाहिरात अर्थातच कोणी करत नाही. दोघांच्या स्विचवर एकच गेम असेल, एकाचा अद्ययावत आणि दुसऱ्याचा मागे राहिलेला, तर दोन्ही यंत्रं जवळ आणून इंटरनेटशिवाय अपडेट देता येतो. शेजारून विरजण आणावं तसा. संगणकावरचे गेम विकणाऱ्या स्टीम या ऑनलाइन दुकानानेही 2023पासून घरातल्या एका संगणकावरून दुसऱ्यावर, म्हणजे त्याच्या स्टीम डेक या हातातल्या यंत्रावरसुद्धा, गेम घरच्याच जाळ्यातून पाठवायची सोय दिली आहे. गल्लीत एकाने उतरवायचं आणि बाकीच्यांनी घ्यायचं, ही खरी सहकारी चळवळ. उद्या त्याची पतसंस्था निघाली नाही म्हणजे मिळवली.

तेव्हा मुद्दा असा. गेमची किंमत टोकियोत, सिएटलमध्ये आणि खडवलीत साधारण सारखीच पडते. आपल्याकडे मधल्या हातांमुळे थोडी जास्तच. पण तो पुरा करण्याचा खर्च सारखा नाही. तिथे अपडेट चहा होईपर्यंत उतरतो, इथे तो महिन्याचा रिचार्ज, वीज आणि रविवार खातो. कारखान्यात वाचवलेले तपासणीचे तास शेवटी त्याच्या माथी येतात जो चांगल्या नेटपासून सर्वांत लांब राहतो. अर्धवट माल विकून उरलेलं काम गिऱ्हाइकाच्या घरी पाठवण्याला ‘सेवा’ म्हणतात, आणि आपण पट्टी भरल्यावर खूशही होतो.

आपल्या देशात बंद पाकिटातल्या मालावर कमाल किंमत आणि आत माल किती आहे हे छापणं कायद्याने बंधनकारक आहे. गेमच्या डबीवरही तसंच ठळक छापायला लावा: आत गेम किती, बाहेरून किती जीबी आणायचा आणि दुकान किती वर्षं उघडं ठेवणार. एवढं होईपर्यंत खडवली, वासिंद, आसनगावच्या तमाम खेळाडूंना कळकळीची विनंती: रात्री घरी सगळं उतरवून घ्या, सकाळी फलाटावर पाय ठेवण्याआधी कन्सोल विमान मोडवर टाका, आणि विमान मोडवर जो गेम उघडत नाही तो पुढच्या वेळी विकत घेऊ नका.