सिनेमातले काका

अंधेरी ते बोरिवली पट्ट्यातल्या दर सोसायटीत एक तरी सिनेमातले काका सापडतात. अख्खी नोकरी त्यांनी बँकेत नाहीतर बेस्टमध्ये काढलेली असते. पण ओळख करून देताना तिचा उल्लेख नाही. ‘आम्ही चित्रनगरीत होतो,’ एवढंच. गोरेगावची चित्रनगरी १९७७ साली सुरू झाली आणि त्यानंतर काका तिथे दाखल झाले, या दोन्ही घटना ते सारख्याच गांभीर्याने सांगतात. किती दिवस होतात, हे मात्र विचारायचं नसतं.

अभिनयातली त्यांची कामगिरी म्हणजे ‘पासिंग’. पुढे नायक-नायिका भांडत असताना मागून ब्रीफकेस घेऊन जायचं. कॅमेऱ्याकडे बघायचं नाही, एवढीच भूमिका. काकांनी तिचा खोलवर विचार केला. हा माणूस ऑफिसला निघालाय, की ऑफिसातून परततोय? भर सेटवर त्यांनी दिग्दर्शकालाच विचारलं. दुसऱ्या दिवसापासून ते पडद्यामागे.

तिथे हाती क्लॅप आली. शॉट आणि टेकचा आकडा पुकारून पट्टी आपटायची, म्हणजे पुढे संकलनात चित्र आणि आवाज जुळवता येतात, हे काका आजही चपला आपटून समजावतात. आकडे चुकायला लागले तेव्हा क्लॅप गेली, थर्माकोल आला. त्यावर उजेड घेऊन नायिकेच्या चेहऱ्यावर परतवायचा. ‘तिच्या गालावरचं तेज माझं,’ असं ते म्हणाले की आत काकू भांडी जरा जोरात ठेवतात.

काकांचं दैवत अशोककुमार. मालाडच्या बॉम्बे टॉकीजमध्ये ते लॅबोरेटरीत कामाला होते. ‘जीवन नैया’चा नायक देविका राणीला, म्हणजे मालकाच्याच बायकोला घेऊन पळाला, बाई परत आल्या, त्याचं काम गेलं आणि १९३६ साली लॅबवाला नायक म्हणून पडद्यावर झळकला. ‘आमचा नायक वेळेवर कधी आला नाही,’ काका उसासा टाकतात, ‘पण मेला पळालाही नाही!’

काकांच्या पासिंगचा सिनेमा टीव्हीवर लागला की घरात संचारबंदी. ‘आता बघा हं...’ म्हणेपर्यंत ब्रीफकेस निघून गेलेली असते. यंदा नातवाने मोबाइलवर चित्र थांबवून धरलं. काकू चष्मा लावून म्हणाल्या, ‘अहो, तुमचा शर्ट तर निळा होता ना?’ काका शांतपणे म्हणाले, ‘कंटिन्युइटीची चूक.’ पासिंगवाल्याच्या शर्टाची नोंद कोण ठेवतो, हा प्रश्न आम्ही चहाबरोबर गिळला.

परवा आमच्याच गेटवर एका मालिकेचं शूटिंग आलं. काका इस्त्रीचा शर्ट घालून सहज खाली उतरले, गेटपाशी दोनदा सहज घुटमळले. वॉकीटॉकीवाला पोरगा ओरडला, ‘काका, बाजूला व्हा, फ्रेममध्ये येताय!’

वर येऊन त्यांनी आम्हाला अहवाल दिला, ‘कॅमेरामन तयारीचा आहे. माझ्यासाठी जागा बरोबर सोडली होती.’