ग्रॅमवाले काका

भोकरमधल्या किराणा दुकानात संध्याकाळच्या वेळी माणसं खोळंबली असतील, तर खुशाल समजावं, पुढं ग्रॅमवाले काका उभे आहेत. हे कुणी एक गृहस्थ नव्हेत. हा वाणच आहे. बहुधा शाळेतून निवृत्त, चष्मा कपाळावर, खिशाला पेन.

दुकानदार बिस्किटाचा पुडा देतो. काका तो उलटा करतात आणि छापील किमतीला निव्वळ वजनानं भागायला घेतात. मोबाईलमध्ये कॅल्क्युलेटर आहे, पण तो पोरासोरांसाठी. काकांचा भागाकार तळहातावर चालतो.

"पाच रुपयाला पंचावन्न ग्रॅम. पाचाला भाग जात नाही. द्या दशांश चिन्ह. पन्नासला जात नाही, घ्या शून्य. पाचशेला नऊ वेळा. बाकी पाच. आँ, परत पाचच?"

आता हा भागाकार जन्मात संपणार नाही, हे रांगेला कळतं, काकांना कळत नाही.

"गुरुजी, उरका की. दूध नासायलंय इकडं!"

काकांच्या वडलांनी मणाचे चाळीस शेर आणि रुपयाचे सोळा आणे पावकी-निमकीवर तोंडी उलगडले. १ एप्रिल १९५७ ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले आणि दशांश चिन्ह घराघरांत शिरलं. काकांच्या घरी ते कायमचं राहायला आलं.

१ जानेवारी २०२४ पासून पाकिटावर ग्रॅमचा किंवा किलोचा भाव छापणं कंपन्यांना सक्तीचं झालं, तेव्हा दुकानदारानं सुटकेचा श्वास सोडला. काका आता बेकार होणार! कसचं काय. काका आता छापलेला भागाकार तपासतात. "इथं ०.०९ लिहिलंय. पुढचे शून्य, नऊ कुठं गेले?" नियमाप्रमाणे दोनच स्थळं छापायची असतात, हे सांगायची छाती कुणाची?

मोठं पाकीट स्वस्तच पडतं असं नाही, हा त्यांचा खरा शोध, आणि तो खोटा नाही. शाम्पूची रुपयाची पुडी मिलीच्या हिशेबानं पुष्कळदा बाटलीपेक्षा स्वस्त निघते. त्यामुळे काकांच्या न्हाणीत पुड्यांच्या माळा लोंबतात आणि काकू ओल्या हातांनी त्या दातांनी फाडत बसतात. काकूंच्या दातांचा दर मिलीला किती पडला, हे गणित अजून मांडलेलं नाही.

काकांची थोडी शेती आहे. सोयाबीन घेऊन मोंढ्यात जायच्या दिवशी मात्र ते पेन घरीच ठेवतात. एकदा पोरानं विचारलं, "आबा, इथं भागाकार कामून नाही?" आबा आडत्याच्या काट्याकडं बघत राहिले.

२०२५ च्या खरिपातल्या सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ५,३२८ रुपये, म्हणजे ग्रॅमला पाच पैसे. मोंढ्यात तेवढाही पदरात पडेल, याची खात्री नसते.