फेजदर्शन : नवशिक्या साधकासाठी

एका अंगाला देहू, दुसऱ्या अंगाला आळंदी, मधे भोसरी. एवढा थोर शेजार असून एमआयडीसीला स्वतःचं तत्त्वज्ञान नसावं हे काही बरं दिसेना, म्हणून आम्ही एक काढलं. नाव फेजदर्शन. विषय प्रकाश, रंग आणि जाणीव. मठ नाही, पत्र्याची शेड आहे. 1962 साली एमआयडीसी स्थापन झाली तेव्हापासून ही विद्या गुप्त होती, असं आम्ही सांगतो. तुम्हीही तसंच सांगा. पुरावा मागितलाच तर चाकणकडे बोट दाखवावं. तुकोबा ज्या भामचंद्राच्या डोंगरावर ध्यानाला बसत असं सांगतात, त्याच्या पायथ्याशी आज कारखाने आहेत आणि त्या भागाला ‘फेज टू’ म्हणतात. नाव उगाच पडत नाही.

साधनेची वेळ नाईट शिफ्ट, पहाटे तीन ते चार. डबा जिरलेला असतो, चहा यायचा असतो. शरीर म्हणतं रात्र आहे, ट्यूबलाइट म्हणते दिवस आहे, आणि सुपरवायझर म्हणतो टार्गेट बाकी आहे. या तिघांच्या मधे जी जाणीव लोंबकळते, तिच्यावर काम करायचं.

सुरुवात डीबीच्या, म्हणजे वीज वाटणाऱ्या पेटीच्या, दर्शनाने. झाकण वायरमनच उघडील, तुम्ही हात मागे बांधून उभं राहायचं. लाल, पिवळी, निळी अशा तीन वायरी दिसतील. आर, वाय, बी. नवख्याने त्यांना त्रिगुण म्हटलं तरी वायरमन रागवत नाही. तिघींत 120 अंशांचं अंतर, त्यामुळे एक शिखरावर असताना दुसऱ्या दोघी तिथे नसतात. एकत्र कुटुंबात हे साधलं असतं तर किती भांडणं वाचली असती! तिघींवर सारखा लोड टाकला की काळ्या न्यूट्रलमधला करंट शून्य होतो. या शून्यासाठी लोक हिमालयात जातात, आम्ही क्लॅम्प मीटर लावतो. आता खरं सांगायचं तर मीटरवर शून्य क्वचितच दिसतं, कारण साहेबांच्या केबिनचा एसी एकट्या निळ्या फेजवर टाकलेला असतो. अहंकार म्हणतात तो हाच.

आता माया. हा धडा नीट वाचा, कारण तो मी जवळजवळ बोटं देऊन शिकलो. आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणून चोकवाली जुनी ट्यूब सेकंदाला 100 वेळा लुकलुकते. डोळ्याला त्याचा पत्ता नसतो. लेथचा, काम पकडणारा तीन जबड्यांचा चक मिनिटाला 2000 फेरे घेत असेल, तर एका जागेवरून सेकंदाला बरोबर 100 जबडे जातात. प्रत्येक लुकलुकीला तिथे एक जबडा हजर. म्हणजे चक गरगरतोय आणि दिसतोय मात्र जागच्या जागी उभा. आजूबाजूला चार मशिनं चालू, त्यामुळे आवाजावरूनही काही कळत नाही. भोसरीतल्या एका गाळ्यात, एकाच ट्यूबखाली, मी असा ‘थांबलेला’ चक पाहिला आणि चकची चावी घेऊन पुढे झालो. उस्तादांनी मनगट धरलं. पुढे पाच मिनिटं ते जे बोलले, ते ग्रंथात घेता येणार नाही. दुसऱ्या दिवशी वायरमनने शेजारशेजारच्या तीन ट्यूब तीन वेगळ्या फेजवर टाकल्या. एक मंदावते तेव्हा बाकीच्या दोघी सावरतात. माया फिटायला एक शिडी आणि अर्धा तास लागला.

रंगाचं प्रकरण चाकणला शिकावं. गाडीची बॉडी पत्र्याची, ती कंपनीत रंगते. बंपर प्लास्टिकचा, तो व्हेंडरकडे रंगतो. व्हेंडरच्या ट्यूबखाली दोन्ही चंदेरी अगदी एक दिसतात. उन्हात नेले की बंपर निळसर आणि बॉडी पिवळट. याला मेटामेरिझम म्हणतात. म्हणून तपासणी लाइट बूथमध्ये करतात, साधारण 6500 केल्विनच्या, दिवसाच्या उजेडाशी जुळणाऱ्या दिव्याखाली. रंग वस्तूत असतो की दिव्यात, यावर पंडितांनी खुशाल वाद घालावा. इथे मात्र लॉट रिजेक्ट होऊन परत निघतो आणि तळेगाव चौकात तासभर अडकतो.

टॉवर लॅम्पबद्दल थोडक्यात. हिरवा म्हणजे चालू, पिवळा म्हणजे माल संपत आलाय, लाल म्हणजे बंद. जपानी कारखान्यांत याला अँडन म्हणतात, मूळ अर्थ कागदी कंदील. लाल म्हणजे पाप, असं नवख्याला वाटतं. खरं तर ती हाक आहे, कुणीतरी या. ऑडिटच्या दिवशी नेमका लाल दिवाच उडालेला असतो. ही वरच्या पायरीची सिद्धी आहे, विचारू नये.

एक साधना निषिद्ध आहे: वेल्डिंगच्या ठिणगीकडे उघड्या डोळ्यांनी पाहणे. साक्षात्कार लगेच होत नाही. रात्री घरी झोपल्यावर डोळ्यांत वाळू भरल्यासारखं होतं आणि बायको देवापेक्षा जास्त आठवते. काळी काच दहा-अकरा नंबरची घ्या.

आणि आमच्याकडे रोग बरे होत नाहीत. मुंबईत 1873 साली जन्मलेल्या दिनशा घडियाली यांनी अमेरिकेत 1920 साली ‘स्पेक्ट्रो-क्रोम’ काढलं होतं. रंगीत काचांतून दिव्याचा झोत अंगावर पाडायचा आणि दुखणी घालवायची. 1947 मध्ये तिथल्या न्यायालयाने त्यांना दोषी ठरवलं. आमचा दावा बोटं शाबूत ठेवण्यापुरताच आहे.

दीक्षा गेटवर मिळते. आधारची झेरॉक्स, दोन फोटो, सेफ्टी शूज स्वतःचे आणावेत. गुरुवारी येऊ नये. वार दत्ताचा असला तरी त्या दिवशी या पट्ट्यात साप्ताहिक सुट्टी असते, आणि लाइटही बहुतेक नसते.